वेडगळ विनोदाचे शहाणपण

मिरजेहून पंढरपुराकडे जाणाऱ्या वाटेवर कवठे महांकाळ हे तालुक्याचे गाव लागते. १९४९ साली दक्षिण सातारा म्हणून निर्माण झालेल्या आणि १९६० पासून सांगली या नावाने ओळखल्या जाणाऱ्या जिल्ह्याच्या पूर्व अंगाचा हा मुलूख. पाऊस बेताचा, आणि दुष्काळाची ओळख पिढ्यान्‌पिढ्यांची. या तालुक्यातच आरेवाडीच्या बनात धनगरांच्या बिरोबाचे प्रसिद्ध ठाणे आहे. आणि शेजारी, तासगाव तालुक्याच्या हद्दीत, सावळज हे गाव आहे. मराठी रंगभूमीच्या इतिहासात सावळजचे नाव एका विशेष कारणासाठी घेतले जाते. तेथील मातंग समाजात जन्मलेल्या उमाजी सावळजकर यांनी १८६५ साली ‘मोहना-बटाव’ हा वग रचला, आणि तमाशातील आद्य वग म्हणून त्याची गणना होते.

योगायोग असा की, त्याच १८६५ साली इंग्लंडात एक अजब पुस्तक प्रसिद्ध झाले. ऑक्सफर्ड येथे गणित शिकविणाऱ्या चार्ल्स डॉजसन यांनी लुइस कॅरल या टोपणनावाने लिहिलेले ते ‘अ‍ॅलिस’चे पुस्तक. त्यात ससा खिशातले घड्याळ पाहून उशीर झाला म्हणून हळहळतो, आणि पत्त्यांतली राणी निवाड्याच्या आधीच शिक्षा मागते. सावळजच्या शाहिरास ऑक्सफर्ड ठाऊक असण्याचे कारण नव्हते, आणि ऑक्सफर्डच्या गणितज्ञास सावळज. तरीही या दोन ठिकाणांतून निघालेल्या दोन धारा एकाच जातीच्या पाण्याच्या आहेत. एक धारा वगातून व बतावणीतून महाराष्ट्राच्या जत्राजत्रांत वाहत गेली. दुसरी इंग्लंडच्या नभोवाणीवर आणि पुढे दूरचित्रवाणीवर पोचली, आणि तेथल्या अतिवास्तव प्रहसनांनी साऱ्या जगास वेड लावले. हे वेड नेमके कशाचे, हा प्रश्न वाटतो तितका किरकोळ नाही.

प्रथम घरचे उदाहरण घ्यावे. तमाशाचा क्रम ठरलेला असतो. आरंभी गण, मग गौळण, त्यानंतर बतावणी, लावणी आणि शेवटी वग. गौळणीत जी मावशी येते ती पुरुषच असतो, आणि हे कोणी लपवीतही नाही. बतावणीत सरदार व सोंगाड्या यांचा संवाद चालतो. रंगमंचावर ना पडदा, ना सिंहासन. राजा एक गिरकी घेतो, ढोलकीवर थाप पडते, आणि राजवाड्याचे अरण्य होते. प्रेक्षकांपैकी एकही जण तक्रार करीत नाही. शब्दाने जागा बदलते हा करार त्याने आधीच मान्य केलेला असतो.

नमुन्यादाखल अशी एक बतावणी कल्पावी. राजा विचारतो, ‘प्रधानजी, राज्याची हालहवाल काय?’ सोंगाड्या सांगतो, ‘महाराज, सारे आबादीआबाद आहे. यंदा दुष्काळ सोळा आणे पिकला.’ राजा भानावर नसतो; तो म्हणतो, ‘मग सारा वसूल करा.’ सोंगाड्या म्हणतो, ‘केला की! रयतेने दुष्काळच माप भरून आणून दिला. कोठारे गच्च झाली. आता उरलेला कुठे ठेवू तेवढे सांगा.’ येथे प्रेक्षक हसतो. परंतु तो नुसत्या खोटेपणाला हसत नाही. दुष्काळ हे एक पीक आहे, ही एकच वेडगळ गोष्ट गृहीत धरली की पुढचे प्रत्येक वाक्य बिनचूक निघते. पीक आले म्हणजे सारा आला, सारा आला म्हणजे कोठार आले, कोठार भरले म्हणजे जागेची अडचण आली. असंबद्ध विनोदात असंबद्धता फक्त पहिल्या पायरीवर असते. त्यानंतरचा सारा जिना तर्काचा असतो. आणि तो जिना चढून गेल्यावर शेवटच्या पायरीवर प्रेक्षकास जे दिसते ते त्याचे स्वतःचे घर असते. साऱ्याचा आकार आणि पावसाचा हिशेब यांचा मेळ ज्या रयतेस कधीच लागला नाही, तिला त्या संवादात फारसे नवल वाटत नाही.

इंग्लंडातील अशा वाङ्मयाचा हिंदुस्थानाशी संबंध आला तोही फार लवकर. १८४६ साली ‘नॉन्सेन्स’ पद्यांचे पहिले पुस्तक काढणारे एडवर्ड लिअर हे पेशाने चित्रकार होते. १८७३ ते १८७५ या काळात ते हिंदुस्थानात हिंडले आणि मुंबईस उतरूनच त्यांनी प्रवासास आरंभ केला. येथील इंग्रजी वसाहतीच्या बोलण्यातले देशी शब्द त्यांच्या कानावर पडले, आणि त्यांतून त्यांनी कमरबंदावर एक कविता रचली. तीत धोबी ही बसावयाची वस्तू होते आणि कमरबंद हा माणसे गिळणारा प्राणी. अर्थ काढून घेतला असता शब्दाचा नाद किती मोकळा होतो, याचा तो खेळ होता. परंतु लिअर हे पाहुणे होते. ज्याने हे सारे लहानपणीच्या कानाने ऐकले, तो मनुष्य पुढच्या शतकात यावयाचा होता.

१६ एप्रिल १९१८ रोजी अहमदनगर, म्हणजे आजचे अहिल्यानगर, येथील लष्करी वस्तीत टेरेन्स अ‍ॅलन मिलिगन यांचा जन्म झाला. जग त्यांना स्पाइक मिलिगन या नावाने ओळखते. वडील लिओ हे आयरिश वंशाचे, ब्रिटिश तोफखान्यातील सैनिक, आणि फावल्या वेळात छावणीतील करमणुकीच्या खेळांत हौसेने भाग घेणारे नट. मुलाचे आरंभीचे शिक्षण पुण्यास, ‘जीझस अँड मेरी’ या कॉन्व्हेंटमध्ये झाले. पुढे कुटुंब रंगूनला गेले आणि मुलगा वयात येता येता इंग्लंडास परतले. ‘परतले’ हा शब्द येथे जपून वापरावयास हवा. ज्या देशात मूल जन्मले नाही, वाढले नाही, त्या देशात ते परतणार तरी कसे? छावणीतला हा मुलगा ना येथला होता, ना तेथला. एकीकडे कवायत, बिगूल, सलाम, हुद्दे. दुसरीकडे त्या साऱ्या थाटाकडे निर्विकारपणे पाहणारा बाजार. साम्राज्याचा डौल इतक्या जवळून पाहिलेल्यास त्यातला पोकळपणा पुढे कोणी शिकवावा लागत नाही.

दुसऱ्या महायुद्धात मिलिगन तोफखान्यात होते. उत्तर आफ्रिकेतून ते इटलीत गेले, आणि १९४४ च्या जानेवारीत माँते कॅसिनोच्या आघाडीवर जखमी झाले. शरीराची जखम भरली. मनाची भरली नाही. तोफेच्या धक्क्याने विस्कटलेले मन त्यांना जन्मभर छळीत राहिले. युद्ध संपल्यावर हॅरी सीकोंब, पीटर सेलर्स व मायकेल बेंटिन यांच्याबरोबर त्यांनी एक मंडळी जमविली, आणि २८ मे १९५१ रोजी बी.बी.सी.च्या नभोवाणीवरून त्यांचा पहिला कार्यक्रम ध्वनिक्षेपित झाला. आरंभी त्यास ‘क्रेझी पीपल’ असे नाव होते; लौकरच तो ‘गून शो’ झाला आणि जानेवारी १९६० पर्यंत चालला. बेंटिन १९५२ नंतर त्यातून बाहेर पडले. लेखनाचा बहुतेक भार मिलिगन यांच्यावर राहिला. दर आठवड्यास एक संहिता, या चरकात त्यांचे मन १९५२ च्या अखेरीस कोलमडले व त्यांना रुग्णालयात राहावे लागले. इंग्लंड हसत होते, आणि हसविणारा खाटेवर होता.

या कार्यक्रमातील १९५५ सालचे एक नाटुकले नेपोलियनच्या पियानोवर आहे. नेडी सीगून या भोळ्या गृहस्थास पाच पौंडांच्या मोबदल्यात एक पियानो एका खोलीतून दुसऱ्या खोलीत हलविण्याचे काम मिळते. करारावर सही झाल्यावर कळते की, पहिली खोली पॅरिसच्या लूव्हर संग्रहालयात आहे आणि दुसरी इंग्लंडात. गृहस्थ पॅरिसला जातो, आणि शेवटी त्या पियानोवरच बसून इंग्लंडची खाडी तरून येऊ लागतो. सावळजच्या राजाची गिरकी आणि हा पियानो यांत अंतर ते किती? नभोवाणीसही पडदा नाही, सिंहासन नाही. लाटेचा आवाज झाला की समुद्र आला. कनातीतला रिकामा रंगमंच आणि घरातला नभोवाणीचा संच, दोन्ही ठिकाणी डोळ्यांचे काम कानाने करावयाचे असते. आणि कानास अशक्य असे काहीच नसते. म्हणूनच असंबद्ध विनोद नभोवाणीवर इतका फोफावला.

या नाटुकल्यांत हिंदुस्थानही वारंवार डोकावतो. मेजर ब्लडनॉक हे पात्र म्हणजे हिंदुस्थानातल्या नोकरीत पोट आणि नीती दोन्ही बिघडवून घेतलेला, पदके मिरविणारा, पैशासाठी काहीही करणारा लष्करी अंमलदार. लालकाका आणि बॅनर्जी ही जोडीही त्यात येते. या देशी सोंगांतील नक्कल आजच्या कानास खटकते, आणि ती खटकणे योग्यच आहे. मात्र ब्लडनॉकचे सोंग वेगळ्या तोलाचे आहे. छावणीतल्या मुलाने मोठेपणी गोऱ्या साहेबाचा हिशेब चुकता केला, असे ते पाहताना वाटते.

येथे इतिहासाने आणखी एक जोड जमवून ठेवली आहे. १९४० च्या दशकाच्या अखेरीस बी.बी.सी.ने करमणुकीच्या कार्यक्रमांसाठी एक नियमपुस्तिका काढली. कशावर विनोद करू नये याची त्यात यादी होती. शौचकूप, बायकी पुरुष, शिथिल नीती, असे कितीतरी विषय वर्ज्य ठरविले गेले. जवळपास त्याच काळात, स्वातंत्र्यानंतर, मुंबई राज्यात तमाशावर बंदी आली, आणि ती उठल्यावर संहिता तपासून घेण्याचा नियम लागू झाला. हेतू दोन्हीकडे शुद्ध होता. अभिरुची सुधारावी हाच. परंतु दोन्ही ठिकाणी एक गोष्ट विसरली गेली. सोंगाड्याचा खरा अपराध अश्लीलता हा नव्हेच. ती त्याची भाकरी असेल. त्याचा खरा अपराध म्हणजे राजास राजा न मानणे. हा अपराध कोणत्याही नियमपुस्तिकेत स्पष्ट लिहिता येत नाही, म्हणून तो नेहमी दुसऱ्या नावाने लिहिला जातो.

नभोवाणीनंतर दूरचित्रवाणी आली. मार्च १९६९ मध्ये मिलिगन यांची ‘क्यू फाइव्ह’ ही मालिका सुरू झाली. तीत नाटुकल्यांना शेवटच नसे; एक मध्येच सुटून दुसऱ्यात मिसळे. हे पाहून सहा तरुणांची एक मंडळी चकित झाली, कारण नेमके असेच काही करावयाचे त्यांच्याही मनात होते. ग्रॅहम चॅपमन, जॉन क्लीज व एरिक आयडल हे केंब्रिजचे. टेरी जोन्स व मायकेल पेलिन हे ऑक्सफर्डचे. आणि टेरी गिलियम हा अमेरिकन चित्रकार. ५ ऑक्टोबर १९६९ रोजी त्यांची ‘माँटी पायथन्स फ्लाइंग सर्कस’ ही मालिका सुरू झाली आणि डिसेंबर १९७४ पर्यंत तिचे पंचेचाळीस भाग झाले. ‘क्यू फाइव्ह’चे दिग्दर्शक इयन मॅक्नॉटन हेच येथेही बहुतेक भागांचे दिग्दर्शक होते.

या मालिकेतील पोपटाचे नाटुकले सर्वांच्या तोंडी आहे. एक गिऱ्हाईक नुकताच विकत घेतलेला पोपट परत आणतो, कारण पोपट मेलेला आहे. दुकानदार ते मान्य करीत नाही. पोपट विसावा घेत आहे, असे तो शांतपणे सांगतो. गिऱ्हाईक पोपट टेबलावर आपटतो. दुकानदाराची शांतता ढळत नाही. दुष्काळ पिकल्याचे सांगणारा प्रधान आणि हा दुकानदार एकाच शाळेत शिकलेले आहेत. दुसऱ्या एका नाटुकल्यात वेडगळ चालींचे एक सरकारी खातेच आहे. काळी टोपी, हातात बॅग असा एक उच्च अधिकारी तंगड्या अचाट फेकीत कचेरीत जातो, आणि अनुदान मागण्यास आलेल्या इसमाची चाल पुरेशी वेडगळ नाही म्हणून त्यास नापसंत करतो. याखेरीज किनऱ्या आवाजाच्या म्हाताऱ्या बायकांची सोंगे पुरुषच वठवीत. गौळणीतल्या मावशीस त्या भेटल्या असत्या तर ओळख करून देण्याची गरज पडली नसती.

या विनोदाचे आकर्षण कशात आहे, याचा उलगडा आता काहीसा होतो. पोपट मेला आहे हे ज्यास स्पष्ट दिसते त्यास तो झोपला आहे असे अधिकारवाणीने सांगितले जाणे, हा अनुभव कोणत्या नागरिकास नवा आहे? कचेरीच्या खिडकीशी उभ्या असलेल्या प्रत्येक मनुष्याने तो घेतलेला असतो. व्यवहारात अशा वेळी मनुष्य गप्प बसतो, किंबहुना आपलेच डोळे चुकत असतील असे मनाशी म्हणतो. वेडगळ विनोद त्यास सांगतो की, तुझे डोळे ठीक आहेत. वेड दुसरीकडे आहे. हसण्यात जो सुटकेचा निःश्वास असतो तो याचा. स्वतः मिलिगन यांच्या आयुष्यातच हे नाटुकले घडले. इंग्लंडच्या सैन्यात लढून जखमी झालेल्या या मनुष्याचा ब्रिटिश नागरिकत्वावरील आपोआप मिळणारा हक्क १९६२ च्या कायद्याने संपला, कारण जन्म हिंदुस्थानातला आणि पिता आयरिश. त्यांनी पित्याच्या देशाचे नागरिकत्व घेतले. पुढे इंग्लंडच्या राणीने त्यांना किताब दिला, तोही परकीयास देतात तसा मानद.

महाराष्ट्रातील धारा या काळात आटली नव्हती. सांगलीजवळच्या कवलापूरचे शिवा-संभा आणि त्यांच्यामागून काळू-बाळू या नावाने गाजलेले लहू व अंकुश खाडे हे जुळे बंधू यांनी ती गावोगाव खेळती ठेवली. ‘जहरी प्याला’ या वगात हे दोघे सारख्या चेहऱ्याचे शिपाई होऊन येत, आणि सरकारी गणवेशाचा रुबाब एकाच्या दोन झाल्याने निम्मा होई. वाळवे तालुक्यातील वाटेगावचे अण्णा भाऊ साठे यांनी ‘अकलेची गोष्ट’सारख्या लोकनाट्यांतून सोंगाड्याच्या तोंडी शेतकऱ्याचा व मजुराचा प्रश्न घातला. पहिल्या वगानंतर बरोबर शंभर वर्षांनी, १९६५ साली, वसंत सबनीस यांचे ‘विच्छा माझी पुरी करा’ रंगभूमीवर आले, आणि दादा कोंडके यांच्या हवालदाराने शहरी नाट्यगृहे भरली. आणि १९७४ च्या नोव्हेंबरात, इंग्लंडातील ती मालिका शेवटच्या आठवड्यांत असताना, पुण्यात सतीश आळेकर यांच्या ‘महानिर्वाण’चा पहिला प्रयोग झाला. त्यात चाळीतले भाऊराव मरतात आणि स्वतःच्या मरणावर स्वतःच कीर्तन करतात. जुन्या स्मशानातच दहन व्हावे असा प्रेताचा हट्ट असतो. लंडनच्या दुकानात मेलेल्यास जिवंत ठरविले जाते. पुण्याच्या चाळीत मेलेला स्वतःच वाद घालतो. मृत्यूपुढे मनुष्याचे सारे व्यवहारज्ञान कसे गडबडते, हे दोन्हीकडे सारख्याच निर्दय प्रेमळपणे दाखविले आहे.

तथापि या दोन धारांत एक भेद आहे, आणि तो झाकून चालणार नाही. ऑक्सफर्ड-केंब्रिजचे पदवीधर ज्या अधिकाऱ्यांची टवाळी करीत ते त्यांच्याच वर्गातले, त्यांच्याच शाळांतले. टवाळी संपल्यावर ते त्यांच्याच पंक्तीस बसत. सोंगाड्याचे तसे नव्हते. रात्री कनातीत जो राजाची दाढी उपटी, त्यास सकाळी गावच्या विहिरीवर पाणी शेंदता येत नसे. रात्रभराच्या त्या मोकळिकीची किंमत त्याने दिवसाच्या उजेडात मोजली होती. ‘मोहना-बटाव’ रचणाऱ्या उमाजींचे नाव रंगभूमीच्या इतिहासात आले खरे; परंतु ज्यांनी त्यांच्या पावलांवर पाऊल टाकून सोंगे केली त्यांपैकी बहुतेकांची नावे कोणी टिपून ठेवली नाहीत.

सुशिक्षित घरांनी या भेदाचा विचार करावयास हवा. त्यांच्यातील कित्येकांनी लंडनच्या पोपटास जागतिक वाङ्मयात जागा दिली, आणि शेजारच्या जत्रेतील बतावणीस ग्राम्य म्हणून दार लावून घेतले. मावशी परदेशातून आली तर ती प्रतिभा, आणि कनातीतून आली तर ती बीभत्सता, हा न्याय ‘अ‍ॅलिस’मधल्या राणीच्या दरबारात शोभण्यासारखा आहे. बतावणीत हीणकस पुष्कळ आहे, यात शंका नाही. तसे ते लंडनच्या प्रहसनांतही आहे. परंतु हीणकस बाजूस काढण्यासाठी आधी ऐकावे लागते.

स्पाइक मिलिगन २७ फेब्रुवारी २००२ रोजी वारले. आपल्या थडग्यावर कोणते वाक्य कोरावे हे त्यांनी सांगून ठेवले होते. ‘मी आजारी आहे असे सांगत होतो ना!’ अशा अर्थाचे ते वाक्य. चर्चच्या अधिकाऱ्यांस ते इंग्रजीत रुचले नाही. अखेर तडजोड निघाली आणि विंचेल्सी येथील दगडावर ते आयरिश भाषेत कोरले गेले. अहमदनगरच्या छावणीत जन्मलेल्या मुलाने मेल्यानंतरही आपला मुद्दा सोडला नाही.

कवठे महांकाळच्या माळावर जत्रेच्या रात्री ढोलकी वाजते, तेव्हा तोच मुद्दा मांडला जात असतो. राजा विचारतो की सारे ठीक आहे ना. सोंगाड्या लवून मुजरा करतो, आणि ठीक नसलेले सारे एकेक करून, अत्यंत आदराने, ठीक असल्याचे सांगू लागतो. माणसे हसतात. आणि हसता हसता त्यांना कळते की, हे आपल्याला केव्हाचेच ठाऊक होते.